पीईएस ६ मध्ये तालमींचे संघ बसवायचे आहेत, सुरुवात कुठून करू?

प्रश्न विचारणारा मिरजेचा आहे, अकरावीत शिकतो. घरी विंडोज ७ चा जुना डेस्कटॉप, रॅम २ जीबी, त्यावर पीईएस ६ (कोनामी कंपनीचा ‘प्रो इव्होल्यूशन सॉकर ६’ हा फुटबॉल गेम) व्यवस्थित चालतो. कोल्हापूरच्या तालमींचे, म्हणजे तालमींच्या नावाने खेळणारे फुटबॉल संघ आणि स्वतःच्या कॉलनीचा संघ गेममध्ये हवेत. फोटोशॉप येत नाही. कुठलं टूल घ्यावं, आधी काय शिकावं आणि त्यापेक्षा ईए कंपनीचा फिफा १६ हा फुटबॉल गेम बरा का, असं त्याने विचारलंय. सांगलीत विश्रामबागेत माझं कॉम्प्युटर दुरुस्तीचं काम आहे आणि जुन्या फुटबॉल गेमचे पॅच, म्हणजे गेममधले संघ-शर्ट बदलणाऱ्या फायली, बनवणं हा कितीतरी वर्षांचा नाद आहे. त्यामुळे जरा सविस्तर लिहितो.

पीईएस ६ सोडू नकोस. फिफा १६ ला किमान ४ जीबी रॅम लागते, तुझ्या मशीनवर तो नीट चालणार नाही. पण खरं कारण वेगळं आहे. पीईएस ६ हा २००६ चा गेम, प्लेस्टेशन २ च्या हिशोबाने बांधलेला. त्याच्या फायली लहान, रचना साधी. काय बदललं की काय होतं हे डोळ्यांना दिसतं. शिकायला याच्याइतका चांगला गेम मला माहीत नाही.

ही टूल्स निघाली कशी हेही थोडं समजून घे, म्हणजे ती अशी का आहेत ते कळेल. कोनामीकडे संघांची खरी नावं वापरायचे परवाने कमी होते. म्हणून पीईएस ६ मध्ये लिव्हरपूलचं नाव ‘मर्सीसाइड रेड’, चेल्सीचं ‘लंडन एफसी’, आणि जर्मन लीगमधला बायर्न सोडला तर बाकी संघ गायब. कोनामीने गेममध्येच एडिट मोड दिला होता, त्यात नावं बदलता यायची. पण शेकडो खेळाडूंची नावं जॉयस्टिकने एकेक अक्षर निवडून कोण भरणार? मग जगभरच्या चाहत्यांनी फायली उघडून बघितल्या, त्यांचा आराखडा शोधून काढला आणि टूल्स लिहून फुकट वाटली. कंपनीने कुठलंही माहितीपत्रक दिलेलं नसताना त्यांनी हे केलं. मला त्याचं आजही मनापासून कौतुक वाटतं.

आता मुद्द्याची गोष्ट. नवशिके सगळे शर्टापासून सुरुवात करतात. तू तसं करू नकोस. हे काम रंगांचं कमी आणि क्रमांकांचं जास्त आहे. गेमला ‘पाटाकडील’, ‘दिलबहार’ ही तालमींची नावं कळत नाहीत. त्याला फक्त संघाचा क्रमांक, खेळाडूचा क्रमांक, फाइलचा क्रमांक कळतो. सातबाऱ्यावर मालकाचं नाव बदललं तरी गट नंबर तोच राहतो, तसंच हे. नाव, शर्ट, चेहरा, बोधचिन्ह हे सगळं त्या क्रमांकाला बांधलेलं असतं. कुठलंही टूल घे, ते मुळात एवढंच करतं: मोठ्या गठ्ठ्यातून एक तुकडा बाहेर काढतं, बदलतं, आणि त्याच क्रमांकावर परत ठेवतं. पॅच बिघडतो तो बहुतेक वेळा तुकडा चुकीच्या क्रमांकावर गेला म्हणून.

म्हणून पहिल्या दिवशी कुठलंही टूल न उघडता एक वही घे. पीईएस ६ मध्ये नवीन संघ वाढवता येत नाही, असलेल्याच्या जागी आपला बसवावा लागतो. कुठला संघ काढून कुठला बसवायचा ते वहीत लिही. तू कधीच न खेळणारे संघ निवड आणि शक्यतो सगळे एकाच लीगमधले घे, म्हणजे पाटाकडील तालीम, दिलबहार, बालगोपाल, खंडोबा, प्रॅक्टिस क्लब, फुलेवाडी हे सगळे मास्टर लीगमध्ये, म्हणजे एक संघ घेऊन हंगामामागून हंगाम खेळायच्या गेममधल्या प्रकारात, एकमेकांशी भिडतील. राजर्षी शाहू स्टेडियमवर जी चुरस असते ती त्याशिवाय गेममध्ये येणार नाही.

दुसरं काम विंडोजचं. गेम ‘प्रोग्रॅम फाइल्स’मध्ये असेल तर तिथून काढ आणि सी किंवा डी ड्राइव्हवर साधं ‘गेम्स’ नावाचं फोल्डर करून त्यात इन्स्टॉल कर. व्हिस्टापासून पुढे विंडोज त्या संरक्षित जागेत जुन्या प्रोग्रॅमना लिहू देत नाही. गुपचूप ‘व्हर्च्युअल स्टोअर’ नावाच्या दुसऱ्या फोल्डरमध्ये प्रत बनवतं आणि बदल तिथे जातो. टूल म्हणतं सेव्ह झालं, एक्सप्लोररमध्ये बघितलं तर फाइल जुनीच. पोरं यात अख्खा दिवस घालवतात आणि टूलला दोष देतात. पुढे कधी विंडोज १० वर गेलास तर आणखी एक लक्षात ठेव: सेफडिस्कसारख्या जुन्या डिस्क-संरक्षणाला त्यात आधार नाही, म्हणून त्या काळातले काही मूळ डिस्कवरचे गेम तिथे चालूच होत नाहीत. तुझं विंडोज ७ या कामाला चांगलं आहे, घाईने बदलू नकोस.

पीईएस ६ मधली माहिती दोन ठिकाणी असते आणि हा फरक समजला की अर्धं काम झालं. खेळाडूंची नावं, गुण, संघ, फॉर्मेशन, बोधचिन्हं हे सगळं ‘ऑप्शन फाइल’मध्ये. ती माय डॉक्युमेंट्समध्ये कोनामीच्या फोल्डरात, ‘सेव्ह’मध्ये सापडेल. चेहरे, स्टेडियम, चेंडू, पडद्यावरची चित्रं हे मात्र गेमच्या ‘डॅट’ फोल्डरमधल्या मोठ्या एएफएस फायलींत, म्हणजे अनेक तुकडे एकत्र बांधलेल्या गठ्ठ्यांत.

ऑप्शन फाइलसाठी जावामध्ये लिहिलेला पीईएस एडिटर वापर, त्यासाठी मशीनवर जावा टाकावं लागेल. फाइलमधले बाइट थेट बदलणाऱ्या हेक्स एडिटरने ऑप्शन फाइलमध्ये हात घालू नकोस. ती फाइल सांकेतिक रूपात असते आणि आत पडताळणीची बेरीज असते. एक बाइट बदलला तरी गेम ती फाइल खराब म्हणून नाकारतो. एडिटर सेव्ह करताना ही बेरीज नव्याने मांडतो, म्हणून तो हवा. एडिट करताना गेम पूर्ण बंद असू दे, नाहीतर गेम स्वतःची जुनी माहिती वरून लिहितो. आणि आधी सुरू केलेल्या मास्टर लीगमध्ये तुझे बदल दिसणार नाहीत, कारण त्या सेव्हमध्ये माहितीची स्वतंत्र प्रत असते. नवीन लीग सुरू कर.

नावांची जागा १५ अक्षरांची, तीही रोमन लिपीत. गेमच्या फाँटमध्ये देवनागरी नाही. आडनाव लिहायची आपली सवय इथे अडचणीची ठरते. आपल्याकडच्या एका संघात चार पाटील आणि दोन जाधव सहज असतात. स्क्रीनवर चेंडू कोणाकडे आहे ते कळत नाही. अशा वेळी पहिलं नाव किंवा मैदानावरचं हाकेचं नाव टाक. कॉमेंट्रीत पीटर ब्रॅकली यांनी आधी उच्चारून ठेवलेली नावंच येतात, त्या यादीतून जवळचं काही निवडण्यापेक्षा रिकामं ठेवलेलं बरं. नवे आवाज घालणं शक्य आहे, पण ते फार पुढचं काम.

गुण देणं हा या कामाचा गाभा आहे आणि त्याबद्दल मला जरा जास्त बोलायचंय. मित्रांच्या संघाला सगळीकडे ९५ टाकायचा मोह होतो. तसं केलंस तर दोन दिवसांत गेमचा कंटाळा येईल, कारण सगळे सारखेच धावणार, सारखेच मारणार. उलट, युरोपच्या मापाने खरे गुण दिले तर तालमीचा चांगला खेळाडूही तिशी-चाळिशीत अडकेल आणि पास धड जाणार नाहीत. मी स्वतंत्र माप धरतो. स्थानिक संघ एकमेकांशीच खेळणार असतील तर सगळ्यांचे गुण साधारण ५५ ते ८० च्या पट्ट्यात ठेवतो. वरच्या टोकाला एखादा ओळखीचा खेळाडू आधाराला धरावा. कोल्हापूरचा अनिकेत जाधव २०१७ च्या १७ वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळला. त्याला वर ठेव आणि बाकीच्यांना त्याच्याशी ताडून बघ.

नुसती सरासरी काढून थांबू नकोस. मैदानावर जाऊन सामना बघ आणि टिपणं कर. हा विंगर पहिल्या पाच पावलांत सुटतो की लांब धावेत? पीईएस ६ मध्ये ‘अॅक्सिलरेशन’ आणि ‘टॉप स्पीड’ वेगळे आहेत, ते याचसाठी. शेवटच्या पंधरा मिनिटांत कोण बसतो, तिथे ‘स्टॅमिना’. गोल खाल्ल्यावर कोणाची मान खाली जाते आणि कोण ओरडून संघाला उठवतो, तिथे ‘मेंटॅलिटी’. उन्हाळ्यात टणक मैदानावर चेंडू उसळतो, तिथे ज्याचा पहिला स्पर्श चांगला त्याला ‘टेक्निक’मध्ये हात सैल सोडून दे. गुण असे भरलेस की गेममधला माणूस ओळखू येतो. शर्ट साधा असला तरी चालेल, पण धावण्यावरून ‘हा आमचा अमुक’ असं बघणाऱ्याने म्हटलं पाहिजे. माझ्या लेखी पॅचची खरी परीक्षा हीच.

वेग मात्र जपून दे. ‘टॉप स्पीड’ नव्वदीच्या वर गेला की बचाव करणाऱ्या कॉम्प्युटरला उत्तरच सापडत नाही आणि प्रत्येक हल्ला एकाच प्रकारचा होतो. फॉर्मेशन आणि धावांचे बाण प्रत्येक संघाला वेगळे दे. कॉम्प्युटर तुझ्याविरुद्ध खेळताना त्यावरच चालतो.

हे सगळं झालं, चार-पाच सामने खेळून पटलं, की मग शर्ट. त्यासाठी ‘किटसर्व्हर’. हे टूल मला सगळ्यात आवडतं, कारण ते गेमच्या एएफएस फायलींना हात लावत नाही. एएफएस फाइलमध्ये प्रत्येक तुकडा २०४८ बाइटच्या पटीत बसवलेला असतो, डिस्कच्या सेक्टरचं ते माप. नवा तुकडा जुन्यापेक्षा मोठा निघाला आणि राखीव जागेत मावला नाही, की एएफएस एक्सप्लोरर या टूलने अख्खी फाइल नव्याने बांधावी लागते, आणि मध्येच वीज गेली तर गेम गेला. किटसर्व्हर वेगळ्या वाटेने जातो. गेम चालू असताना तो मध्ये उभा राहतो. गेमने अमुक क्रमांकाचा शर्ट मागितला की एएफएसमधला न देता तुझ्या फोल्डरमधला देतो. नको झालं तर किटसर्व्हर काढून टाक, गेम जसाच्या तसा.

त्याच्या ‘जीडीबी’ फोल्डरमध्ये ‘युनी’ नावाचं फोल्डर आणि त्यात ‘मॅप’ नावाची साधी टेक्स्ट फाइल असते. एका ओळीत संघाचा क्रमांक, स्वल्पविराम, मग अवतरणचिन्हात फोल्डरचं नाव. वहीतला क्रमांक इथे कामाला येतो. ही फाइल नोटपॅडमध्येच उघड. वर्डमध्ये उघडलीस तर सरळ अवतरणचिन्हं वळणदार होतात आणि किटसर्व्हरला ती ओळ वाचता येत नाही. अँटिव्हायरस किटसर्व्हरवर ओरडेल, कारण दुसऱ्या प्रोग्रॅमच्या आत शिरायची त्याची पद्धत व्हायरससारखीच आहे. पण म्हणून डोळे झाकून परवानगी देऊ नकोस. फाइल ओळखीच्या जागेवरून आली असेल तरच दे.

शर्टाचं चित्र ५१२ बाय २५६ पिक्सेलचं, पीएनजी, आणि फक्त २५६ रंगांचं. फोटोशॉप नको, गिंप फुकट आहे आणि पुरतो. चित्र पूर्ण झालं की मोड ‘इंडेक्स्ड’ कर आणि रंगांची संख्या २५६ ठेव. हल्लीच्या जर्सी सब्लिमेशन छपाईच्या असतात, वरून खाली रंग विरत जातो. २५६ रंगांत तो विरता रंग पट्ट्यापट्ट्यांचा दिसतो. त्यामुळे तशा जर्सीचा फोटो थेट चिकटवू नकोस. रिकाम्या साच्यावर मूळ दोन-तीन रंग स्वतः भर आणि सावल्यांसाठी थोड्या छटा राखून ठेव. काखेतली शिवण जुळते का ते गेममध्ये कॅमेरा जवळ नेऊन बघ.

आणि इथे एक आनंदाची गोष्ट आहे. स्कोअरबोर्डवर देवनागरी येत नाही, पण शर्ट हे चित्र आहे, त्यावर काहीही लिहिता येतं. छातीवर तालमीचं नाव मराठीत, पाठीवर आश्रयदात्याचं नाव मराठीत, सगळं शक्य आहे. फक्त जोडाक्षरं तपासून घे. फोटोशॉपच्या जुन्या आवृत्त्यांत युनिकोड मराठी टाइप केलं की ‘प्रॅक्टिस’चा ‘क्टि’ तुटतो, वेलांटी भलतीकडे बसते. गिंपमध्ये आणि इंकस्केपमध्ये जोडाक्षरं बरोबर येतात. सांगली-मिरजेच्या डीटीपीवाल्याकडून नाव करून आणलंस तर ते बहुधा श्रीलिपीत, म्हणजे युनिकोड नसलेल्या फाँटमध्ये असेल. त्याच्याकडून फाँटची फाइल न घेता तयार अक्षरांचं चित्र घे. बोधचिन्ह मात्र ऑप्शन फाइलमध्ये जातं, ६४ बाय ६४ पिक्सेल. तालमीचं नक्षीदार चिन्ह एवढ्या जागेत मावत नाही, त्यातला एकच ठळक आकार उचल.

चेहरे आणि स्टेडियम सध्या बाजूला ठेव. चेहरा बनवायला त्रिमितीचं थोडं ज्ञान लागतं. केशरचना आणि रंग एडिट मोडमधून जवळचे निवडले तरी भागतं. स्टेडियम नव्याने बांधणं हे एकट्याचं काम नाही.

आता फिफा १६ बद्दल, पुढे मशीन बदललंस तर. ईएच्या गेममध्ये सगळी माहिती खऱ्या डेटाबेसमध्ये असते: खेळाडूंचा एक तक्ता, संघांचा एक, आणि कोण कुठल्या संघात, पाठीवर कितवा नंबर, हे सांगणारा तिसरा. सोबत एक मेटा फाइल असते. कुठल्या रकान्यात किती ते किती आकडे चालतात हे त्यात लिहिलेलं असतं. त्याबाहेरचा आकडा मावत नाही. ‘क्रिएशन मास्टर’ने संघ, खेळाडू, किट हे चित्रांसह बदलता येतं, आणि ‘आरडीबीएम’सारख्या टूलने थेट तक्त्यात. पीईएस ६ मध्ये न मिळणारी मोकळीक इथे आहे, नवीन संघ आणि नवीन लीग तयार करता येतात. पण तितकीच जबाबदारी वाढते: लीगमध्ये टाकलेल्या संघांची संख्या आणि स्पर्धेच्या रचनेतली संख्या जुळली नाही की करिअर मोड क्रॅश होतो.

या डेटाबेसमधली जन्मतारीख बघून नवे लोक गोंधळतात. ती दिवसांच्या आकड्यात असते आणि मोजणी १४ ऑक्टोबर १५८२ पासून होते, म्हणजे ग्रेगोरियन कॅलेंडर सुरू झालं त्याच्या आदल्या दिवसापासून. १ जानेवारी २००० म्हणजे १५२३८५. सुनील छेत्रीची ३ ऑगस्ट १९८४ म्हणजे १४६७५६. हाताने मोजत बसू नकोस. एक्सेलमध्ये तारीख टाक, तिच्यात ११५८५९ मिळव आणि रकाना साध्या आकड्याचा कर. संपूर्ण संघाच्या तारखा एका मिनिटात होतात.

बदल करूनही गेममध्ये काहीच दिसत नसेल तर दोन गोष्टी बघ. एक, डॉक्युमेंट्समध्ये सेव्ह झालेली जुनी स्क्वाड फाइल डेटाबेसला झाकून टाकते. मूळ स्क्वाड पुन्हा लोड करावे लागतात. दोन, नव्या फायली फोल्डरमध्ये ठेवल्यावर ‘रीजनरेट’ करायचं राहिलं असेल. गेम आधी सूची वाचतो आणि सूची म्हणते फाइल मोठ्या गठ्ठ्यात आहे. रीजनरेटर सूचीतली ती नोंद पुसतो, मग गेम फोल्डरमध्ये शोधायला येतो. फिफा १७ पासून ईएने फ्रॉस्टबाइट इंजिन घेतलं आणि यातली बहुतेक टूल्स तिथे जशीच्या तशी चालेनाशी झाली. म्हणूनच फिफा १६ वर काम करणारे लोक अजून आहेत.

टूल्स मिळवण्याची अडचण तुला येणार आहे, ती आधीच सांगतो. त्या काळातले पॅच मेगाअपलोड, रॅपिडशेअर अशा ठिकाणी ठेवलेले असायचे. मेगाअपलोड जानेवारी २०१२ मध्ये बंद पडलं, रॅपिडशेअर २०१५ मध्ये. दुवे मेले आणि लोकांनी महिनोन्महिने बसून केलेलं काम त्यांच्यासोबत गेलं. जे मिळेल ते मूळ झिप फाइलसकट जपून ठेव, आतली ‘रीडमी’ही काढू नकोस, कोणी बनवलं आणि कुठल्या आवृत्तीसाठी, हे तिच्यातच असतं. प्रती दोन ठिकाणी ठेव, आणि दोन्ही एकाच घरात नकोत. ऑगस्ट २०१९ च्या पुरात आपल्याकडे तळमजल्यावरच्या कितीतरी मशीन पाण्यात गेल्या. माझ्याकडे दुरुस्तीला आलेल्या हार्ड डिस्कवर असे हाताने भरलेले संघही होते आणि त्यातल्या बहुतेकांवरून काही निघालं नाही. एक प्रत पेन ड्राइव्हवर, दुसरी नातेवाइकाकडे किंवा ऑनलाइन जागेत. शिवाय रोज काम संपलं की ऑप्शन फाइलची तारीख टाकून वेगळी प्रत कर. ती फाइल जेमतेम दीड एमबीचीही नाही, कंजूषी करायचं कारण नाही.

मित्रांना देताना अख्खा गेम देऊ नकोस. तुझी ऑप्शन फाइल आणि जीडीबी फोल्डर एवढंच दे, तेवढंच तुझं आहे. गेम ज्याचा त्याने घ्यावा. पैसे घेऊ नकोस, कारण ज्या टूल्सवर हे उभं आहे ती लोकांनी फुकट दिली आहेत. सोबत एक टेक्स्ट फाइल ठेव: कुठल्या संघाच्या जागी कुठला बसवला, किटसर्व्हरची कुठली आवृत्ती, कुठल्या टूलचा वापर झाला. तालमीच्या खेळाडूंची खरी नावं घालणार असशील तर त्यांना आधी दाखव. मी ज्यांना ज्यांना दाखवलं त्यातले बहुतेक स्वतःचा ‘स्टॅमिना’ वाढवून मागतात, पण तो वाढवायचा की नाही ते तुझ्या टिपणांवरून ठरव.

पहिला संघ कॉलनीचा कर. त्यातला प्रत्येक जण तुला माहीत आहे, गुण भरताना अंदाज लागेल. तो झाला की ऑप्शन फाइल पाठव. मास्टर लीगमध्ये लावून खेळून बघतो आणि फॉर्मेशनमध्ये काय खटकतं ते कळवतो.